हात भाजीत, कान टीव्हीकडे

प्रश्न असा आला आहे: "आईला मोठा स्मार्ट टीव्ही घेऊन दिला, तीन-चार ॲपची वर्गणी भरली. हवं तेव्हा हवं ते बघता येतं. तरी ती रोज दुपारी एकला तीच वाहिनी लावून बसते, आणि मालिका चालू असताना निम्मा वेळ टीव्हीकडे बघतसुद्धा नाही. दुपारच्या टीव्हीत असं आहे तरी काय? समाजावर त्याचा काही परिणाम झालाय, की नुसता वेळ घालवायचं साधन?"

उत्तर 'निम्मा वेळ टीव्हीकडे बघतसुद्धा नाही' या तुमच्या शब्दांपासूनच सुरू करते. मी वीसहून जास्त वर्षं मराठी मालिकांचे संवाद लिहिते आहे आणि त्यातली बरीच वर्षं दुपारच्या स्लॉटसाठी लिहिण्यात गेली. या कामातली सगळ्यात मोठी गोष्ट मी सेटवर शिकले नाही. ती शिकले कराडजवळ मामीच्या घरी, स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसून.

दोन हजार सहा-सातचा सुमार असेल. तेव्हा ग्रामीण महाराष्ट्रात भारनियमन जोरात होतं. दुपारी लाइट असेल तर असेल. त्या दिवशी होती. मी लिहिलेला भाग लागणार होता आणि त्यातल्या एका प्रसंगाचा मला फार अभिमान होता. नायिकेला नवऱ्याच्या कपाटात एक जुनं पत्र सापडतं. ती ते वाचते, घडी घालते, परत ठेवते. जवळजवळ दीड मिनिट एकही शब्द नाही, फक्त तिचा चेहरा. दिग्दर्शकानं तो मन लावून घेतला होता आणि अभिनेत्रीनं जीव ओतला होता. मामी परातीत मेथी निवडत होती. टीव्ही बाहेरच्या खोलीत, तिची पाठ अर्धी तिकडे. प्रसंग सुरू झाला, आवाज थांबला. तीन-चार सेकंदांत मामीची मान वर झाली. तिनं पडद्याकडे पाहिलं. नायिका कपाटासमोर उभी होती. मामीनं थोडी वाट पाहिली, मग मान खाली घालून पुन्हा काड्या खुडायला लागली. अर्ध्या मिनिटानं मला म्हणाली, "काय झालं गं? आवाज गेला, का लाइट गेली?"

पत्र तिनं पाहिलंच नाही. पुढचे चार भाग त्या पत्रावर उभे होते.

त्या दुपारी मी परातीकडे बघत बसले. बावीस-तेवीस मिनिटांच्या भागात मामीनं किती वेळा मान वर केली ते मोजलं. अकरा वेळा. आणि प्रत्येक वेळी कारण आवाजाचंच होतं. कुणीतरी बोलता बोलता थबकलं, स्टीलचं भांडं पडलं, दाराची बेल वाजली, किंवा खलनायिकेचं ते ठरलेलं संगीत आलं. बाकी सगळा भाग तिनं कानांनी पाहिला, आणि संध्याकाळी शेजारणीला तो एकही धागा न सोडता सांगितला.

दुपारच्या टीव्हीचं मर्म मला इथंच सापडलं. हा कार्यक्रम कामात असलेल्या माणसासाठी असतो. रात्री साडेआठला प्रेक्षक समोर बसलेला असतो. दुपारी एक वाजता तो भाजी निवडतो, कपड्यांच्या घड्या घालतो, शिलाई मशीनवर फॉल-पिको करतो, नातवंडाला भरवतो, दुखरे पाय उशीवर ठेवून डोळे मिटून पडतो. टीव्ही त्याच्या कामाच्या आड येत नाही. सोबत करतो.

हे कळल्यावर माझं लिहिणं बदललं. माणसं एकमेकांना नावानं हाक मारू लागली: "हे बघ सुमन, कपाटातलं ते निळं पाकीट तू उघडलंस ना?" समीक्षक अशा वाक्यांना नावं ठेवतात की समोर उभ्या माणसाला नावानं कोण हाक मारतं, आणि पाकीट निळं आहे हे दिसतच असताना सांगायचं कशाला? ज्याची नजर परातीत आहे त्याला दिसत नाही, म्हणून सांगायचं. ब्रेकनंतरच्या पहिल्या संवादात ब्रेकआधीचं सार पुन्हा येतं, कारण मधल्या काळात गॅस सिलिंडरवाला येऊन गेलेला असतो. मौन जपून वापरायचं असतं. तीन-चार सेकंदांचं मौन ही प्रेक्षकाला दिलेली हाक असते, आणि ऐकणारी मान वर करते त्या क्षणी पडद्यावर सगळ्यात महत्त्वाची गोष्ट दिसलीच पाहिजे. त्याहून लांबलं की ती पुन्हा कामाला लागते. यात चूक आमची असते, तिची नसते.

ही रीत आम्ही शोधलेली नाही. अमेरिकेत १९३० च्या सुमाराला इर्ना फिलिप्स या लेखिकेनं शिकागोच्या रेडिओवर घरातल्या बायकांसाठी रोजची कथा लिहायला घेतली. जाहिरातदार साबणाच्या कंपन्या होत्या, म्हणून या प्रकाराला पुढे 'सोप ऑपेरा' नाव पडलं. तिच्या कथांमध्ये घडामोडी सावकाश होत, बोलणं भरपूर असे आणि प्रसंग बदलला की ऑर्गनचा सूर वाजे. ऐकणारी बाई भांडी घासत असते हे तिनं गृहीतच धरलं होतं. तिची 'गाइडिंग लाइट' १९३७ मध्ये रेडिओवर सुरू झाली, १९५२ मध्ये टीव्हीवर आली आणि २००९ मध्ये संपली. बहात्तर वर्षं! टीव्हीनं चित्र दिलं, तरी दुपारच्या मालिकेचा सांगाडा रेडिओचाच राहिला. अमेरिकेतल्या लोकांच्या आठवणीतही ती वेळ किती घट्ट बसली आहे ते एका प्रसंगावरून कळतं. २२ नोव्हेंबर १९६३ ला अध्यक्ष केनेडींवर गोळ्या झाडल्याची पहिली बातमी सीबीएस वाहिनीवर निवेदक वॉल्टर क्रॉन्काइटच्या आवाजात आली, ती 'ॲज द वर्ल्ड टर्न्स' ही दुपारची मालिका मध्येच तोडून. देशातल्या कितीतरी घरांना ती बातमी इस्त्री करता करता मिळाली असणार.

आपल्याकडेही दुपार आधी रेडिओचीच होती. मुंबई आकाशवाणीच्या 'वनिता मंडळ'वर वाढलेल्या बायका आज सत्तरी-ऐंशीत आहेत. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं तेव्हा टीव्ही म्हणजे संध्याकाळ, दुपारी पडदा काळाच. १९८४ च्या १५ ऑगस्टपासून विद्यापीठ अनुदान आयोगाचे शैक्षणिक कार्यक्रम दुपारी दिसायला लागले. कॉलेजच्या मुलांसाठी बनवलेले ते इंग्रजी कार्यक्रम घरात बसलेल्या बायकाही बघायच्या, समजो न समजो. माझी आई त्यातले प्राणी-पक्षी आणि ग्रह-तारे बघायची. १९८९ मध्ये दूरदर्शनचं दुपारचं नियमित प्रसारण सुरू झालं, आणि तिथून खरी गोष्ट चालू होते.

१९९४ मध्ये दूरदर्शनवर दुपारी 'शांती' आली. तोवर मालिका म्हणजे आठवड्यातून एक भाग. 'शांती' सोमवार ते शुक्रवार, रोज. मंदिरा बेदीनं उभी केलेली शांती लेखणी आणि प्रश्न घेऊन दोन बड्या माणसांच्या घरात शिरते आणि आपल्या आईवर झालेल्या अत्याचाराचा माग काढते. पाठोपाठ 'स्वाभिमान' आली. तिच्या लेखनात शोभा डे होत्या. मराठीत सह्याद्री वाहिनीवर 'दामिनी' आली, रोजची आणि दुपारचीच. प्रतीक्षा लोणकरांची दामिनीही पत्रकार. ती अन्यायाची प्रकरणं हातात घ्यायची, कुणालाही प्रश्न विचारायची.

इथं मला जरा थांबावंसं वाटतं. हिंदीतली पहिली गाजलेली दुपारची रोजची नायिका आणि मराठीतली, दोघीही घराबाहेर पडून प्रश्न विचारणाऱ्या होत्या, आणि त्या घरात बसलेल्या बाईच्या वेळेला आल्या. त्या वेळी घरात पुरुष नसायचे. पडद्यावरची बाई एखाद्या मंत्र्याला खडसावत असताना "हे काय लावलंय" म्हणणारं कुणी नसायचं. पुढे २००० नंतर खासगी वाहिन्यांच्या रात्रीच्या मालिकांनी नायिकेला पुन्हा मोठ्या घरात, दागिन्यांत आणि देवघरात नेऊन बसवलं, कारण रात्री सगळं कुटुंब समोर होतं आणि कुणालाच दुखवायचं नव्हतं. दुपारला कमी महत्त्वाची समजून मोकळी सोडली होती, आणि त्या मोकळिकीत काही धाडसी गोष्टी उगवल्या. आजही एखादा अवघड विषय मला मांडायचा असेल तर मी दुपारचा स्लॉट मागते.

रिमोटचीही गोष्ट आहे. आपल्या बहुतेक घरांत एकच टीव्ही असतो. संध्याकाळी मुलांचं कार्टून, मग बातम्या, मग सामना. या सगळ्यात घरातल्या बाईची पाळी शेवटी. दुपारी रिमोट तिच्या हातात असतो. कित्येक वर्षं वाहिन्यांनी ही वेळ रात्रीच्या मालिकांच्या पुनःप्रसारणावर काढली आणि त्या 'रिपीट'ला चांगला टीआरपी मिळत राहिला. आम्हाला नवल वाटायचं की एकच भाग दोनदा कोण बघतं? दोनदा बघणाऱ्याही होत्या. पण पुष्कळ जणींसाठी दुपारचा भाग हाच पहिला असायचा. रात्री त्या पोळ्या लाटत असायच्या.

आता परिणामाबद्दल. मोठमोठे शब्द न वापरता मी जे जवळून पाहिलं तेच सांगते.

काही वर्षं मी एका वाहिनीवर दुपारच्या थेट फोन-इन कार्यक्रमाचं लेखन पाहत होते. दूरदर्शनवर 'हॅलो सखी' आणि 'हॅलो डॉक्टर'नं जी वाट पाडली होती, त्याच वाटेवरचा कार्यक्रम. स्टुडिओत तज्ज्ञ बसायचे आणि महाराष्ट्रभरातून फोन यायचे. ज्या दिवशी स्त्रीरोगतज्ज्ञ असत त्या दिवशी फोनवरचे आवाज खालच्या पट्टीत यायचे. मागे सासूचा खोकला, कोंबड्यांचा आवाज, शाळेची घंटा. एकदा विदर्भातून एक फोन आला. "माझ्या मैत्रिणीला विचारायचं आहे," बाई म्हणाली, आणि मैत्रिणीला पाळीत किती दिवस जास्त जातं, किती महिने झाले, चक्कर कशी येते, सगळं बारीकसारीक सांगितलं. डॉक्टर एक क्षण थांबल्या. मग म्हणाल्या, "तुमच्या मैत्रिणीला सांगा, हे अंगावर काढू नको. रक्त तपासून घे आणि सोनोग्राफी कर. तिला सांगा, यात लाजण्यासारखं काही नाही, आणि तपासायला जाताना सोबत म्हणून तुम्ही जा." पलीकडे शांतता झाली. मग बाई म्हणाली, "मी सांगते तिला. मी जाते तिच्यासोबत." कंट्रोल रूममध्ये कुणी काही बोललं नाही.

त्यानंतर काही आठवडे 'मैत्रिणी'चे फोन वाढले. बायकांना विचारायची एक रीत सापडली होती. घरात, शेजारात, गावच्या दवाखान्यात जे तोंडातून निघत नव्हतं ते दुपारच्या त्या अर्ध्या तासात निघालं. ज्यांनी फोन केला नाही त्यांनी ऐकलं, आणि ऐकणाऱ्या कितीतरी पट जास्त होत्या. हा परिणाम कुठल्या आकड्यात दिसत नाही. मी तो कानांनी ऐकला आहे.

दुसरा परिणाम स्वयंपाकघरातला. २००७ पासून झी मराठीवर 'आम्ही सारे खवय्ये' लागायला लागलं आणि प्रशांत दामले दुपारच्या वेळी घराघरांत गप्पा मारू लागले. ई टीव्हीवर 'मेजवानी' होती. स्वयंपाकाचे कार्यक्रम आधीही होते, पण आता पाककृती सांगायला निरनिराळ्या भागांतल्या साध्या गृहिणीही यायला लागल्या. जळगावची शेवभाजी, नागपूरचा वडाभात, सिंधुदुर्गातली घावनं, सोलापूरची शेंगाचटणी. आपापल्या जिल्ह्याबाहेर फारसे न गेलेले पदार्थ दुपारी दीड वाजता सगळीकडे पोचू लागले. तोवर कोकणातल्या कितीतरी घरांना वऱ्हाडातलं जेवण फक्त नावानं माहीत होतं. अशा कार्यक्रमांत काम करणाऱ्यांना एक गोष्ट पक्की ठाऊक असते, की प्रमाण दोनदा सांगायचं. पहिल्यांदा सांगितलं की घरातली बाई वही शोधते, दुसऱ्यांदा सांगितलं की लिहिते. त्या वह्या आजही घरोघर आहेत. माझ्या आईच्या वहीत एका पानावर 'बेसन दोन वा.' एवढंच आहे, पुढे काही नाही. दोन वाट्या म्हणायचं होतं. तेवढ्यात कुणीतरी आलं असणार.

सण आणि रीतीभाती यांच्याबाबतीत परिणाम दुहेरी झाला. एका मालिकेत मी नायिकेचं डोहाळजेवण लिहिलं होतं. भाग लागल्यानंतर आठवड्याभरात निर्मात्याच्या ऑफिसवर पार्सलं आली. एकात खण-नारळ आणि हातानं विणलेलं टोपरं होतं, सोबत चिठ्ठी: 'पहिलटकरीण आहे, आठव्यात जिना चढू देऊ नका.' आमची अभिनेत्री अविवाहित होती. तिनं ते टोपरं घरी नेलं आणि अजून जपून ठेवलं आहे. चिठ्ठी लिहिणाऱ्या बाई भाबड्या होत्या असं मला अजिबात वाटत नाही. गोष्ट खोटी आहे हे त्यांना पक्कं माहीत असणार. पण वर्षभर रोज दुपारी जी पोर घरात आली तिची ओटी न भरणं त्यांना बरं वाटलं नाही.

त्याच वेळी आम्ही रीतीभाती एकसारख्याही करून टाकल्या. महाराष्ट्रात जिल्ह्यागणिक, जातीगणिक लग्नं वेगळी लागतात, हळद वेगळी लागते. पडद्यावर एकच ठराविक साचा वर्षानुवर्षं आला आणि हळूहळू हॉलमधल्या लग्नांतही तोच दिसायला लागला. दागिन्यांचंही तेच. 'होणार सून मी ह्या घरची'मधलं जान्हवीचं लांब मंगळसूत्र सराफांनी त्याच नावानं विकलं. मालिका रात्रीची, पण दुकानात जायची सवड दुपारची. भाषेचं सगळ्यात वाईट झालं. आमच्या पात्रांच्या तोंडी फार काळ पुण्या-मुंबईतली एकाच घडणीची मराठी राहिली, आणि गावाकडची बोली आली ती नोकरांच्या किंवा विनोदी पात्रांच्या तोंडी. हे मीही लिहिलं आहे आणि त्याची मला खंत आहे. २०१५ च्या ऑक्टोबरपासून टीव्हीचा प्रेक्षक मोजणाऱ्या 'बार्क' या संस्थेच्या मोजणीत ग्रामीण घरं आली आणि वाहिन्यांना अचानक कळलं की आपला निम्मा प्रेक्षक गावात आहे. त्यानंतर सातारा, कोल्हापूर, विदर्भातल्या बोलीचे नायक-नायिका आले. आधीच यायला हवे होते.

आणखी एक काळी बाजू आहे. दुपारची वेळ स्वस्त असते, म्हणून वाहिन्या ती जाहिरातदारांना अर्ध्या-अर्ध्या तासानं विकतात. त्या वेळेत वर्षानुवर्षं यंत्रं, कवचं, ताईत विकले गेले, 'हे घरात ठेवा, नवऱ्याची दारू सुटेल, धंदा चालेल'. घरात एकट्या आणि काळजीत असलेल्या बाईला हेरून हा धंदा चालला. माझ्या ओळखीच्या एका घरात मुलाच्या फीचे पैसे अशा एका यंत्रावर गेले. २०२१ च्या जानेवारीत मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानं दैवी शक्तीचा दावा करून अशा वस्तू टीव्हीवर विकणं महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याखाली बेकायदा ठरवलं. तो निकाल वाचला त्या दिवशी मला मनापासून बरं वाटलं. आईचा टीव्ही दुपारी चालू असतो, तर दोन मालिकांच्या मध्ये काय लागतं यावर मात्र जरूर लक्ष ठेवा.

आता 'ॲप असताना हे अजून का टिकलंय' याकडे येते.

टिकेल असं मधल्या काळात आमच्यातल्याच पुष्कळांना वाटत नव्हतं. स्टार प्लसनं २०१७ च्या एप्रिलमध्ये दुपारसाठी चार नव्या हिंदी मालिकांचा मोठा गाजावाजा करून प्रयोग केला आणि सहा महिन्यांत तो गुंडाळला. 'दुपार संपली' असं तेव्हा सगळे म्हणाले. मग टाळेबंदी आली. मार्च ते जून २०२० चित्रीकरणं बंद, वाहिन्यांवर जुने भाग, आणि घरातली सगळी माणसं दिवसभर घरात. २०२१ च्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रात पुन्हा बंदी आली तेव्हा बऱ्याच मराठी मालिकांची युनिट गोव्याला गेली. तिथंही मे महिन्यात परवानग्या थांबल्या. त्या दिवसांत आमची सगळी धडपड एकाच गोष्टीसाठी होती, रोजचा भाग चुकता कामा नये. आणि त्याच दिवसांत मुलांनी, पुरुषांनी पहिल्यांदा पाहिलं की घरातली बाई दुपारी काय बघते.

२०२२ च्या सुरुवातीला स्टार प्रवाहनं दुपारी एकला 'लग्नाची बेडी' आणि दीडला 'मुरांबा' या नव्या मालिका आणल्या, पुढच्या वर्षी दोनला 'शुभविवाह'. या चालल्या, वर्षानुवर्षं चालल्या. हिंदीत फसलेलं मराठीत का जमलं? माझं मत असं की हिंदीतला तो प्रयोग रात्रीच्या मालिकेचा थाट दुपारी घेऊन आला होता. मराठीत घर, जेवणाची वेळ आणि बोलणं यांचं गणित जुळलं. शिवाय वाहिनीची सवय रात्रीपासून लागलेलीच होती. माणूस जेवायला बसताना नवा भाग मिळतो, शिळा नाही, हेही मोठं कारण. गोव्यात तर दुपारी एक ते चार दुकानंही बंद असतात, माणसं घरी जेवून आडवी होतात. महाराष्ट्र आणि गोवा ही टीआरपीच्या हिशेबात एकच बाजारपेठ धरली जाते, आणि दुपारच्या बाबतीत ते मला अगदी पटतं.

ॲपवर सगळं आहे, पण तिथं आधी निवडावं लागतं. पीठ लागलेल्या हातांनी, डोळ्यांत मोतीबिंदू असताना, शंभर चौकटींतून काय बघायचं ते ठरवायचं हे एक कामच आहे, आणि दिवसभर घराचं सगळं ठरवणाऱ्या बाईला आणखी एक ठरवणं नको असतं. दुपारचा टीव्ही तिला काही विचारत नाही. एक वाजला की तो सुरू होतो. त्या ठरलेल्या वेळेवर तिचा दिवस टांगलेला असतो: मालिकेच्या आधी कुकर, ब्रेकमध्ये गोळ्या, संपली की पंधरा मिनिटं पाठ टेकायची. निवृत्त झालेली, जोडीदार गेलेली माणसं मला सांगतात की वार कळतो तो मालिकेमुळे, कारण रविवारी ती नसते. आणि त्याच वेळी तोच भाग बहीण सांगलीत बघत असते, विहीणबाई नाशिकला. दोन वाजता फोन होतो. बोलणं मालिकेवरून सुरू होतं आणि गुडघ्याच्या दुखण्यापर्यंत, मुलाच्या नोकरीपर्यंत जातं. ॲपवर प्रत्येक जण वेगळ्या भागावर असतो, तिथं हा फोन होत नाही.

मुलीच्या बाळंतपणासाठी अमेरिकेत गेलेल्या एका काकूंनी मला हे फार नेमकं सांगितलं होतं. न्यू जर्सीत त्या पहाटे उठून चहा घेताना ॲपवर दुपारचा भाग लावायच्या. म्हणाल्या, "बाहेर अंधार, बर्फ. पण माझी तिकडची दुपार चालू असायची."

तर तुम्हाला माझं एवढंच सांगणं आहे. एखाद्या सुट्टीच्या दिवशी, शनिवारी म्हणा, दुपारी एकला आईजवळ बसा. निवडायला भाजी घ्या, गवार असेल तर उत्तम, ती मोडायला वेळ लागतो. टीव्हीकडे पाहू नका, तिच्याकडे पाहा. तिची मान कधी वर होते ते बघा. कोण कुणाचं कोण लागतं हे प्रसंग चालू असताना विचारू नका, ब्रेक झाला की विचारा. ती सगळं सांगेल, अगदी गेल्या दिवाळीपासूनचं.